हिंटरमोसचा सिनेमावाला

क्विरिन लाखनरबद्दल म्युनिकच्या लोकांना विचाराल तर ते म्हणतील, मोठा माणूस. स्वतः लिहायचा, स्वतः सिनेमे काढायचा, अख्ख्या जर्मनीला हसवलं त्याने. आमच्या हिंटरमोसमध्ये विचाराल तर समोरचा माणूस बिअरचा मग दोनदा फिरवेल आणि म्हणेल, यंदा मका बरा आलाय. मी इथली खानावळ चालवते. त्याच्याबरोबर शाळेत एका बाकावर बसले आहे. त्यामुळे मला तरी मक्याच्या आड लपता येत नाही.

बाप लवकर गेला, आई अंथरुणाला खिळलेली. क्विरिनला वाढवलं ते त्याच्या थोरल्या बहिणीने, अफ्राने. ती बोलायला कमी आणि कामाला वाघ. क्विरिन नेमका उलटा. गोठ्यात शेण ओढायला पाठवला, की हा खोरं टेकवून गाईंना गोष्ट सांगत बसायचा. अफ्रा यायची, खोरं हातात घ्यायची आणि म्हणायची, "पुढे काय झालं ते सांग, तोवर मी एवढं ओढते." असे लाड त्याचे! मी तेव्हाच म्हणायचे, हा मुलगा आयुष्यात कधी स्वतःचं शेण स्वतः ओढणार नाही.

युद्ध संपल्यावर घरच्या शेतीवर धाकटा भाऊ बसला. अफ्रा फादर होल्झरांकडे स्वयंपाकाला लागली. चर्चच्या शेजारचं ते घर, तिथली चूल, कोंबड्या, भाजीचा वाफा, सगळं तिच्या ताब्यात. गावात तिला मान होता. बाजारात ती आली की बायका बाजूला सरायच्या. क्विरिन म्युनिकला शिकायला गेला आणि उपाशी राहायला लागला. तेव्हा सगळेच उपाशी होते म्हणा. तो हिवाळ्यात पळून इकडे यायचा, अफ्राच्या स्वयंपाकघरात चुलीजवळच्या बाकावर झोपायचा, तिचं लिव्हरचे गोळे घातलेलं सूप प्यायचा आणि लिहायचा. काय लिहायचा? पडलेली घरं, परत न आलेले बाप, रडणारी पोरं. ते कोणाला हवं होतं? लोकांच्या दारातच पडलेली घरं होती. तिकीट काढून तीच कोण बघणार?

म्युनिकच्या बाहेर सिनेमाचे स्टुडिओ होते. तिथे तो आधी तारा ओढायला लागला, मग दुसऱ्यांच्या गोष्टींना ठिगळं लावायला. हात चांगला होता त्याचा. एखादं पात्र लंगडत असेल तर क्विरिनकडे द्या, तो धावायला लावेल, असं म्हणायचे. पण पडद्यावर नाव कधी आलं नाही. तिशी उलटली, अंगावर कोट दुसऱ्याचा आणि डोक्यात सिनेमे स्वतःचे. शेवटी एका वितरकाने त्याला बोलावून सांगितलं, रडणं पुरे, मला डोंगर पाहिजे, जंगलराखा पाहिजे, त्याच्यावर भाळलेली मुलगी पाहिजे आणि मध्यस्थी करायला एक म्हातारा पाद्री. क्विरिनने लिहून दिलं. वितरकाने वाचलं आणि म्हणाला, "सगळं आहे. हसायला काही नाही. आठवड्याभरात हसायला आण, मग पैसे देतो, तूच निर्माता हो."

आता आठवड्याभरात हसू कुठून आणणार? पाद्री होताच. पाद्र्याला स्वयंपाकीण असतेच. आणि स्वयंपाकीण तर क्विरिनने जवळून पाहिली होती.

शूटिंग आमच्याच गावात झालं. कांद्याच्या आकाराचा कळस असलेलं आमचं चर्च त्याला पडद्यावर पाहिजे होतं. गाव नुसतं वेडं झालं. ज्याला बैलसुद्धा नीट हाकता येत नव्हता तो कॅमेऱ्यासमोर बैल हाकायला लागला. माझ्या खानावळीत नट उतरले होते. क्विरिन उंटाच्या रंगाचा कोट घालून हिंडायचा, सगळ्यांना नावाने हाक मारायचा आणि खरं सांगते, आम्हाला त्याचा अभिमान वाटायचा. स्वयंपाकघरातले सीन मात्र म्युनिकला स्टुडिओत घेतले. तिथे काय झालं ते आमच्यापैकी कोणी पाहिलं नव्हतं. अफ्राला त्याने एवढंच सांगितलं, "तुझ्यासारखी एक बाई आहे त्यात. लोकांना सगळ्यात जास्त तीच आवडेल बघ."

अफ्राने पहिल्या खेळासाठी चोळीवरची आईची चांदीची साखळी घासून लख्ख केली. एवढी नटलेली तिला मी कधी पाहिली नव्हती.

खेळ माझ्याच खानावळीच्या हॉलमध्ये ठेवला होता. रविवारची दुपार. पुढच्या ओळीत फादर होल्झर, त्यांच्या शेजारी अफ्रा, मागे सगळं गाव. मी बिअरच्या नळाजवळ उभी राहून मग भरत होते, तिथून मला पडदाही दिसायचा आणि माणसंही. डोंगर आले, लोकांनी टाळ्या वाजवल्या. बैल आले, आरडाओरडा झाला. मग ते स्वयंपाकघर आलं. तीच चूल, तोच बाक. लिओनी ट्राउट नावाची जाडजूड नटी स्वयंपाकीण झाली होती. पहाटेची वेळ, पाद्र्याचे बूट चुलीवर गरम करायला ठेवलेले. ती ते उचलते, गरम झाले का बघायला दोन्ही हात आत घालते. आणि काढत नाही. तशीच उभी राहते, डोळे मिटून, दोन्ही हात बुटात. मग ती एक बूट गालाला लावते, आपल्याकडे बघून डोळे फिरवते, तेवढ्यात पाद्री येतो आणि ती घाबरून बूट सुपाच्या पातेल्यात टाकते.

हॉल असा हसला की दिवे हलले. मग ते हसणं मध्येच विचित्र झालं. एकेक मान पडद्यावरून खाली आली आणि पुढच्या ओळीकडे वळली. फादर होल्झर खाली बघत होते, स्वतःच्या पायांकडे. अफ्रा पडद्याकडे बघत होती. तिची मान खांद्यापासून कानापर्यंत लाल झालेली मला पाठीमागून दिसत होती. मला वाटलं, उठ ग बाई, निघून जा. ती उठली नाही. अशा वेळी उठणं म्हणजे कबूल करणं, एवढं तिला कळत होतं.

सिनेमा संपला की लेखक, निर्माता, नट यांनी मंचावर येऊन वाकून नमस्कार करायचा, ही आमच्याकडची पद्धत. लिओनी ट्राउट आली, टाळ्यांचा पाऊस पडला. मग क्विरिन आला. वाकला, वर उठला आणि त्याला बहीण दिसली. ती टाळ्या वाजवत होती. सगळ्यांसारख्याच, ना कमी ना जास्त. क्विरिन पुन्हा वाकला आणि त्या वेळी जरा जास्तच वेळ वाकून राहिला.

नंतर तो माझ्या स्वयंपाकघरात येऊन भिंतीला टेकून उभा राहिला. मी विचारलं, "हे कुठून आणलंस?"

"काय?"

"नाटकं करू नकोस. बूट."

"झेन्टा, सगळ्या स्वयंपाकिणी बूट गरम करतात."

"करतात ना. मीसुद्धा नवऱ्याचे करते. हात घालून उभी राहते का मी?"

तो हळूच म्हणाला, "बाकावर झोपलेलो असायचो मी. तिला वाटायचं झोपलोय. एकदाच पाहिलं ग. इतकं खरं होतं ते, मला विसरताच आलं नाही."

"मग खरं होतं तर हसण्यावारी का नेलंस?"

"मी नव्हतं नेलं. मी एवढंच लिहिलं होतं, की ती नुसती हात घालून उभी राहते. वितरक म्हणाला, यात गंमत कुठेय? म्हणून गाल. म्हणून पातेलं."

"मग काप ना तेवढा तुकडा! तूच निर्माता ना?"

"कापतो," तो म्हणाला. "उद्याच बोलतो."

बोललाही म्हणे. वितरक पोट धरून हसला. म्हणाला, अरे वेड्या, सगळा सिनेमा त्या बुटांवर उभा आहे. आणि क्विरिनने कापलं नाही. त्याच्या हातात कात्री होती, नाव त्याचं होतं, सही त्याची होती. मी त्याच्या बाजूने पुष्कळ विचार केला, पण इथे आलं की माझा विचार खुंटतो.

फादर होल्झर वाईट माणूस नव्हते. भित्रे होते. त्यांनी अफ्राला एक शब्द विचारला नाही. फक्त त्या दिवसापासून बूट वर, स्वतःच्या खोलीत ठेवायला लागले आणि पहाटे थंडगार घालून चर्चला जायला लागले. पोरांनी तर ताळच सोडला. अफ्रा गल्लीतून निघाली की हातात बूट घालून, डोळे मिटून ओळीने उभी राहायची. मी झाडू घेऊन धावायचे, पण गावभर किती धावणार? मग सिनेमा मोठ्या शहरांतून चालला आणि लोक बसगाड्या भरून आमच्याकडे यायला लागले. चर्च बघायचे आणि मग विचारायचे, "ती स्वयंपाकीण खरी आहे का हो?" एकाने तर अफ्राला अंगणात कोंबड्यांना दाणे टाकताना गाठलं आणि बूट हातात धरायला सांगून फोटो मागितला.

पुढच्या वसंतात ती गेली. तालुक्याच्या गावी नन्सच्या मठात धोबीखान्यात बायका लागत होत्या, तिथे. जाताना माझ्याकडे आली, बरणीतलं लोणी देऊन गेली. मी म्हटलं, "अफ्रा, तू का जातेस? लाज वाटायची ती त्याला वाटू दे." ती म्हणाली, "वाटत असेल त्याला. पण चूल तर माझी गेली ना." तिच्या तोंडून त्या गोष्टीबद्दल मी ऐकलेलं तेवढंच.

क्विरिनचं मात्र घोडं सुटलं. एकेका नव्या सिनेमात स्वयंपाकीण टायरोलला गेली, स्वयंपाकीण समुद्रावर गेली, स्वयंपाकीण रोमला जाऊन पोपच्या स्वयंपाक्याशी भांडली. लोकांना दुसरं काही नकोच होतं. त्याने मध्ये एक वेगळा सिनेमा काढला, युद्धातून परतलेल्या माणसाचा, तो पडला. मग पुन्हा स्वयंपाकीण. गाडी आली, म्युनिकला मोठं घर आलं, एक बायको आली आणि गेली. दरवेळी तो अफ्राला काहीतरी पाठवायचा. कोट, रेडिओ, एकदा शिवणयंत्र. ती ते मठाला देऊन टाकायची. तो स्वतः भेटायला जायचा तेव्हा ती ओल्या हातांनी फाटकाशी यायची, हवापाण्याचं बोलायची, जाताना त्याच्या हातात वाटेसाठी पाव द्यायची. परतताना तो माझ्याकडे थांबायचा आणि तो पाव टेबलावर ठेवून बसायचा.

"शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं, झेन्टा," तो म्हणायचा. "कानाखाली वाजवली असती तरी चाललं असतं."

"तुझ्या सोयीने ती वाजवणार का आता?" मी म्हणायचे. मला त्याची कीव यायची आणि कीव येते म्हणून माझाच राग यायचा.

पुढे घरोघरी टीव्ही आला आणि सिनेमाचे हॉल ओस पडायला लागले. वितरकाला मग एकच गोष्ट सुचली, ती म्हणजे कपडे उतरवणं. तसले सिनेमे तेव्हा आमच्याच डोंगरांत निघायचे, वरून चामड्याची चड्डी आणि आत काहीच नाही, अशा थाटाचे. क्विरिन कर्जात होता की नुसता सवयीचा गुलाम झाला होता, देव जाणे. त्याने लिहिले, त्याने काढले. त्यात पुन्हा पाद्र्याची स्वयंपाकीण होती. आता ती तरुण होती, आणि बूट गरम करताना अंगावर नुसता एप्रन. पोस्टर आमच्या बसथांब्यावर लागलं. खाली ठळक अक्षरांत, क्विरिन लाखनर. त्याच्या भावाची पोरगी बुर्गी शाळेत सांगायची, तो दुसरा लाखनर, आमचा कोणी नाही. आणि तिच्यावर कोणी हसायचं नाही, कारण सगळ्यांनाच ते खरं असावं असं वाटायचं. ते पोस्टर मी स्वतः फाडलं. त्यानंतर तो आला तेव्हा मी त्याला सांगितलं, "फाडलं मी तुझं नाव." तो म्हणाला, "बरं केलंस."

त्यानंतर त्याने काही काढलं नाही. म्युनिकच्या घरात एकटाच राहायचा.

ह्या बुर्गीचं लग्न ठरलं. आमच्याकडे लग्नाचं बोलावणं करायला एक माणूस असतो, रिबिनी लावलेली काठी घेऊन घरोघर फिरतो. आमच्याकडे हे काम बार्टलचं. एरवी तो छपरं शाकारतो. बोलावणं हा एक भाग. खरं काम लग्नाच्या जेवणात. तो एकेका पाहुण्यापाशी जातो आणि त्याच्यावर जागच्या जागी रचलेल्या ओळी गातो. कोण कंजूष, कोण बायकोला घाबरतो, कोणाची गाय शेजाऱ्याच्या कुरणात चरते, सगळं चारचौघात बाहेर. ज्याच्यावर गातो त्याने उभं राहून ऐकायचं, लाल व्हायचं आणि आपला बिअरचा मग उचलायचा. राग धरायचा नाही. त्या दिवशी गायलं गेलं की ती गोष्ट संपते, पुन्हा कोणी काढत नाही. आणि ज्याच्यावर बार्टल गात नाही तो माणूस परका असतो.

क्विरिनला बोलावणं गेलं, कारण सख्खा काका. तो आदल्या दिवशीच आला आणि माझ्या अंगणात त्याने बार्टलला गाठलं. म्हातारा झाला होता, कोट मात्र अजून तोच.

"बार्टल, उद्या माझ्यावर गा."

"गातोच की सगळ्यांवर, साहेब."

"साहेब नको म्हणूस. आणि हातचं राखून गाऊ नकोस. स्वयंपाकीण, बूट, ते नागडे सिनेमे, सगळं घे. जेवढं झोंबेल तेवढं."

बार्टलने टोपी मागे सारली. "आयला! लोक मला डुकराची मांडी पाठवतात, आमचं तेवढं गाऊ नको म्हणून. आणि तुम्ही मागून घेताय?"

"अफ्रा येणार आहे ना?"

"येणार आहे."

"तिच्यासमोर गा."

बार्टल गेल्यावर मी त्याला म्हटलं, "काय काढलंयस हे नवीन?"

"नवीन काही नाही. जुनं संपवायचंय." त्याचे डोळे भरले होते. "सगळ्या गावाने तिच्यासमोर एकदा मला हसावं. मी उभं राहून ऐकेन. मग कदाचित ती माझ्या शेजारी बसून जेवेल. मला तेवढंच पाहिजे, झेन्टा. एक जेवण."

लग्नाच्या दिवशी अफ्रा धाकट्या भावाच्या टेबलाशी बसली होती. केस पांढरे, हात धोबीखान्याच्या सोड्याने खाल्लेले. गावाने तिला इतक्या आपुलकीने सामावून घेतलं की मला भरून आलं. आणि लाजही वाटली, कारण ही आपुलकी तेव्हा कुठे होती? क्विरिन दारापाशी, एकटाच. सूप झालं, भाजलेलं डुक्कर झालं, बॅन्डने फुंकायला सुरुवात केली आणि बार्टल काठी आपटून उभा राहिला. नवऱ्यामुलाच्या बापाला त्याने सोलून काढलं. मग मला:

"झेन्टाच्या मगात फेस केवढा, डोंगरावर बर्फ तेवढा,
बिअर शोधायला खाली उतरा, दोर घ्या बरोबर एवढा!"

हॉल खदखदला. मी उभी राहिले, लाल झाले, माझा मग उचलला. मग तो अफ्रापाशी गेला. हॉल एकदम गप्प झाला. क्विरिनने टेबलाची कड धरलेली मला दिसली. बार्टल गायला:

"अफ्रा निघाली सायकलवर, घंटी नाही, ब्रेक नाही,
कोंबड्या चढल्या छपरावर, खाली उतरेल ती एक नाही!"

आणि अफ्रा हसली. मोठ्याने, तोंडावर हात न धरता. उभी राहिली, आपला मग उचलला आणि म्हणाली, "ब्रेक आहे रे मेल्या, मी लावत नाही!" लोकांनी टेबलं बडवली. किती वर्षांनी गाव तिला हसत होतं आणि तिला ते हवं होतं!

मग बार्टल एकेक करत दाराकडे आला. क्विरिन आधीच अर्धा उठला होता. एक हात मगावर, ओठांवर हसू तयार ठेवलेलं. बार्टल त्याच्यासमोर थांबला, टोपीला हात लावला, आणि पुढच्या माणसावर गायला लागला. ढोलवाल्याला ज्याने गाडीतून आणलं होतं तो कोणी बाहेरगावचा ड्रायव्हर. त्याच्यावरसुद्धा दोन ओळी झाल्या. क्विरिन अर्धा उठलेला तसाच राहिला, मग खाली बसला. ते हसू त्याला ओठांवरून काढताच येईना. मला त्याच्याकडे बघवेना.

गाणी संपली तसा बार्टल घाम पुसत माझ्या नळापाशी आला. क्विरिन उठून तिथे आला.

"माझ्यावर नाही गायलास."

बार्टल खरोखर शरमला. टोपी हातात घेऊन म्हणाला, "तुमचं ऐकून मी अफ्राला विचारायला गेलो होतो. तिला न विचारता कसं गाऊ?"

"नको म्हणाली?"

"नाही हो! गा म्हणाली. खुशाल गा म्हणाली. फक्त त्यात मला आणू नकोस, एवढंच." बार्टलने टोपी फिरवली. "मी खूप डोकं खाजवलं. आज सकाळपर्यंत. तिला वगळून तुमच्यावर एक ओळ तरी जुळवायची म्हणून. नाही सापडली. तुमचं म्हणून जे काही धरायला जावं, ते तिचंच निघतं. माफ करा."

क्विरिनने मान हलवली. "नाही, बरोबर आहे," तो म्हणाला.

हॉलमध्ये खुर्च्या सरकवून नाचायला जागा करत होते. अफ्राच्या शेजारची खुर्ची रिकामी होती. त्याने तिकडे पाहिलं, पण तो तिथे गेला नाही.